खामगावची नोंद आणि न्यायालयाचे ताशेरे

म्हणणे ऐकल्याशिवाय कोणाला दोषी ठरवू नये, हे नैसर्गिक न्यायाचे पहिले सूत्र न्यायाधीशांच्या लेखणीलाही लागू होते. अलाहाबाद उच्च न्यायालयाने एका निकालात उत्तर प्रदेशच्या साऱ्या पोलीस दलावरच ताशेरे ओढले होते. 1963 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते वगळले आणि मोहम्मद नईम खटल्यातील त्या निकालात तीन कसोट्या घातल्या: संबंधिताला बाजू मांडण्याची संधी होती का, ताशेऱ्यांना पुराव्याचा आधार आहे का, आणि निकालासाठी ते आवश्यक आहेत का.

बुलढाणा जिल्ह्यातील सावकारी प्रकरण या कसोट्यांवर ताडून पाहण्यासारखे आहे. आमदाराच्या कुटुंबाविरुद्ध शेतकऱ्याची तक्रार होती. तत्कालीन मुख्यमंत्री विलासराव देशमुख यांच्या कार्यालयातून आलेल्या फोनची खामगाव पोलिसांच्या डायरीत 2006 साली नोंद झाली. दुसरी कसोटी इथेच भागते. फोनवरून झालेला हस्तक्षेप हाच वादाचा विषय असल्याने तिसरीही. अपील राज्य सरकारचे, तरी त्यात सर्वोच्च न्यायालयाने ओढलेल्या ताशेऱ्यांचा रोख देशमुखांच्या वागण्यावर होता. म्हणून खरे महत्त्व पहिल्या कसोटीला. 14 डिसेंबर 2010 रोजी याच अपिलात सर्वोच्च न्यायालयाने आधी ठोठावलेला 25 हजारांचा दंडात्मक खर्च 10 लाखांवर नेला. तो भरायचा होता मात्र सरकारने, म्हणजे करदात्यांनीच.