हा आवाज कुणाचा?

आमच्या कॉन्व्हेंटच्या गॅदरिंगला एक गाणं ठरलेलंच असायचं, 'अ होल न्यू वर्ल्ड'. सातवीत असताना मी पण ते म्हटलंय (कसं, ते विचारू नका!). वाशीमला आल्यावर एका रात्री होस्टेलच्या गच्चीवर मोबाईलवर तेच लावलं, तर माझा मंगरूळपीरचा रूममेट म्हणतो, "आवाज भारी हाय ना, पन गाते कोन हा?" आणि मला सांगताच येईना! 'अलादीनचं गाणं' एवढंच माहीत. मग शोधलं.

गायकाचं नाव पीबो ब्रायसन. जन्म १९५१ चा, अमेरिकेतल्या साउथ कॅरोलायना राज्यातल्या ग्रीनव्हिलचा. चौदाव्या वर्षी तो अल फ्रीमन यांच्या ग्रुपमध्ये कोरसला उभा राहिला. त्याचं खरं नाव 'पीपो', पण फ्रीमनना ते नीट म्हणता येईना, म्हणून झाला 'पीबो'. हजेरीच्या वेळी आपल्यातल्या काहींच्या नावांचं जे होतं तेच!

तो गातो ते सोल बॅलड. सोल म्हणजे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या चर्चमधल्या भजनांतून आणि रिदम अँड ब्लूजमधून आलेलं गाणं, आणि बॅलड म्हणजे संथ प्रेमगीत. सूर लांबवायचा, एका शब्दावर रेंगाळायचं, आवाज हळूहळू चढवत न्यायचा. आपल्याकडे यातल्या त्यात जवळचं म्हणजे भावगीत. अरुण दाते आठवा. 'शुक्रतारा' त्यांनी सुधा मल्होत्रांबरोबर गायलं. ब्रायसनचंही तसंच, त्याची गाजलेली बरीच गाणी द्वंद्वगीतं. १९८३ मध्ये रॉबर्टा फ्लॅकबरोबरचं 'टुनाइट, आय सेलिब्रेट माय लव्ह' खूप चाललं. (जाता जाता, दाते टेक्स्टाईल इंजिनिअर होते. म्हणजे आपल्यालाही आशा आहे.)

आता खरी गंमत. आपल्याकडे प्लेबॅक सिंगरचा आवाज थेट हीरोच्या तोंडी जातो. डिस्नेनं १९९१ पासून एकाच गाण्याची दोन रेकॉर्डिंग्ज करायला सुरुवात केली. 'ब्युटी अँड द बीस्ट' या सिनेमात ते गाणं चहाची किटली म्हणते, आवाज अँजेला लॅन्सबरी यांचा. तिथे गाणं म्हणजे पात्राचं बोलणंच. पण रेडिओवर किटलीचं गाणं कोण लावणार? म्हणून शेवटच्या नामावलीसाठी तेच गाणं ड्रम्स, कीबोर्ड घालून पॉप बॅलड म्हणून पुन्हा केलं. त्यासाठी सेलिन डिऑनला घेतलं. ती कॅनडाची, अमेरिकेत तेव्हा फारशी कुणाला ठाऊक नव्हती, म्हणून जोडीला ओळखीचा आवाज हवा होता. तो ब्रायसनचा! पुढे कोण जास्त मोठं झालं ते तुम्हाला माहीतच आहे.

१९९२ च्या 'अलादीन'मध्ये पण हाच फॉर्म्युला. सिनेमात ब्रॅड केन आणि लिआ सलोंगा, नामावलीवर ब्रायसन आणि रेजिना बेल. मार्च १९९३ मध्ये या गाण्यानं व्हिटनी ह्यूस्टनचं १४ आठवडे पहिल्या नंबरवर बसलेलं 'आय विल ऑलवेज लव्ह यू' खाली उतरवलं. त्यानंतर डिस्नेच्या ॲनिमेशनपटाचं गाणं अमेरिकेत पहिल्या नंबरला यायला २०२२ उजाडलं.

दोन्ही गाण्यांना ऑस्कर मिळालं, पण गाण्याचं ऑस्कर संगीतकार आणि गीतकाराला असतं, गायकाला नाही. ब्रायसनला मिळाल्या दोन ग्रॅमी. त्याही टिकल्या नाहीत. सुमारे १२ लाख डॉलर कर थकला म्हणून २००३ मध्ये सरकारनं त्याच्या अटलांटाच्या घरातलं सामान जप्त केलं आणि लिलावात पियानो गेला, ग्रॅमीही गेल्या. त्यातली एक त्याच्या मित्रानंच बोली लावून विकत घेतली. हे वाचून मला खरंच वाईट वाटलं. जगभरच्या शाळांच्या गॅदरिंगमध्ये ज्याचं गाणं वाजतं, त्याची ही अवस्था?

गाणं मात्र त्यानं सोडलं नाही. २०१८ मध्ये, सदुसष्टाव्या वर्षी 'स्टँड फॉर लव्ह' हा अल्बम काढला. परवा गच्चीवर तो लावला. रूममेट पाच मिनिटं गप्प बसला, मग म्हणाला, "अलादीनवालाच ना हा? आवाज वयखला मी."