हनुक्काचे लाटके
मैत्रिणींनो, रायगड किनाऱ्यावरचे मराठी बोलणारे ज्यू तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी बंद ठेवत. म्हणून त्यांना शनिवार तेली म्हणायचे. ज्यूंचा हनुक्का हा आठ दिवसांचा दिव्यांचा सण, त्यात तळणाला मान! पूर्व युरोपातल्या ज्यूंचे त्यातले लाटके पोरांना फार आवडतील.

चार बटाटे, एक कांदा किसा. कीस फडक्यात घट्ट पिळा. इथं कंटाळा केलात तर लाटके तव्यावर मोडतात, वर तेलही पितात. मग एक अंडं, दोन चमचे मैदा, मीठ, मिरपूड घाला. चपटे थापून मध्यम आचेवर दोन्हीकडून लालसर तळा. ज्यू घरांत सोबत आंबट साय घेतात. पण जेवणात मटण असेल तर नाही, मांस नि दूध एकत्र खायचं नाही हा त्यांचा नियम.