पुण्यात लावलेला बुरांश तहानेने मरत नाही, तो पाण्यानेच मरतो. पण का?

मार्च-एप्रिलमध्ये चोपता-तुंगनाथचा ट्रेक करून आलेल्या पुणेकराच्या मोबाइलमध्ये एक फोटो हमखास असतो. मागे बर्फाचे डोंगर आणि पुढे लालभडक फुलांनी लगडलेलं झाड. हे झाड म्हणजे बुरांश, अर्थात ऱ्होडोडेंड्रॉन. उत्तराखंडचा हा राज्यवृक्ष, तर नेपाळचं हे राष्ट्रीय फूल.

फोटो पाहून घरात विषय निघतो, आपल्या गॅलरीत हे लावलं तर? मग ऑनलाइन रोप मागवलं जातं, नाहीतर नर्सरीतून त्याचाच भाऊबंद असलेला अझेलिया आणला जातो. चांगली काळी माती, भरपूर शेणखत आणि सकाळ-संध्याकाळ तांब्याभर पाणी, सगळं अगदी प्रेमाने होतं. मे महिन्यात पानं माना टाकतात. घरातलं कुणीतरी म्हणतं, उन्हाने सुकलंय, अजून पाणी घाला. पंधरा दिवसांत रोप खलास.

आता प्रश्न पडतो की एवढं पाणी घालूनही झाड सुकलं कसं?

हे झाड मुळात राहतं कुठं?

ऱ्होडोडेंड्रॉनच्या जगभरात हजाराहून जास्त जाती आहेत. बुरांश हिमालयात साधारण १५०० ते ३००० मीटर उंचीवर वाढतो. दक्षिणेत त्याचा एक प्रकार निलगिरी, अन्नामलाई आणि पळणीच्या उंच डोंगरांवर सापडतो. पुणे आहे साधारण ५६० मीटरवर. महाराष्ट्रातलं सगळ्यात उंच शिखर कळसूबाई, तेही १६४६ मीटरच. त्यामुळे सह्याद्रीत आपल्याकडे हे झाड रानात दिसत नाही.

पण फरक फक्त थंडीचा नाही. डोंगरउतारावर पाऊस पडतो आणि लगेच वाहून जातो. खाली कुजलेल्या पानांचा भुसभुशीत थर असतो, तो ओलसर राहतो पण चिखल होत नाही. या झाडाची मुळं केसासारखी बारीक असतात आणि वरच्या थरातच पसरतात. त्यांना ओलावा लागतो, पण तेवढीच हवाही लागते.

मग पुण्यात अडतं कुठं?

पहिली अडचण मातीची. काळी माती पाणी धरून ठेवते, कुंडीत ती घट्ट बसते आणि मुळांची हवा बंद होते. त्यात पुण्यात उन्हाळ्यात पारा ४० अंशांपर्यंत जातो. गरम आणि सतत ओली माती म्हणजे मूळकुजीच्या बुरशीला आमंत्रणच. मुळं कुजली की समोर पाणी असूनही झाडाला ते ओढता येत नाही. म्हणून पानं मलूल होतात आणि ते अगदी तहानेसारखं दिसतं.

रोप जगणार की जाणार हे इथंच ठरतं. पानं मलूल आणि माती कोरडी असेल, तर पाणी द्या. पानं मलूल आणि माती ओली असेल, तर पाणी लगेच थांबवा आणि कुंडी सावलीत हलवा.

दुसरी अडचण सामूची, म्हणजेच पीएचची. ऱ्होडोडेंड्रॉनला ४.५ ते ६ सामू असलेली आम्लधर्मी माती लागते. दख्खनच्या काळ्या मातीचा सामू बहुतेक वेळा ७.५ च्या वर असतो आणि तिच्यात चुनखडीही असते. अशा मातीत लोह असतं, पण झाडाला ते घेता येत नाही. मग कोवळी पानं पिवळी पडतात आणि शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. उसाच्या बाबतीत शेतकरी यालाच केवडा पडणं म्हणतात. घरी तपासायचं असेल तर चमचाभर मातीवर थोडं व्हिनेगर टाका. बुडबुडे आले, तर ती माती या झाडाला चालणार नाही.

पाणी कोणतं घालायचं?

माती बदलली तरी रोज घातलं जाणारं पाणी तिला पुन्हा मूळपदावर आणू शकतं. खडकवासला धरणसाखळीतून येणाऱ्या नळाच्या पाण्यात क्षार तुलनेने कमी असतात. पण उपनगरांतल्या अनेक सोसायट्या बोअरवेल आणि टँकरवर चालतात. बादलीवर पांढरा थर जमत असेल, तर ते पाणी जड आहे असं समजा. हाच चुना हळूहळू कुंडीत साठतो.

अजून एक सवय इथं महागात पडते. आरओ प्युरिफायरचं वाया जाणारं पाणी बरेच जण झाडांना घालतात. त्यात क्षार आणखी वाढलेले असतात, त्यामुळे या झाडासाठी ते सगळ्यात वाईट. सगळ्यात चांगलं म्हणजे पावसाचं पाणी. जून ते सप्टेंबर ते ड्रममध्ये साठवता येतं, फक्त झाकण घट्ट हवं, नाहीतर डासांची पैदास होते. एसीतून ठिबकणारं पाणीही चालतं.

किती आणि कधी?

याला ठरलेलं वेळापत्रक नाही. बोट दोन पेरं मातीत घाला. वरचा थर सुकत आलेला वाटला, की तळाच्या भोकातून बाहेर येईपर्यंत सावकाश पाणी द्या आणि बशीत साठलेलं ओतून टाका. उन्हाळ्यात हे रोज लागू शकतं, थंडीत दोन-तीन दिवसांनी. पावसाळ्यात मात्र कुंडी थेट धारेखाली ठेवू नका.

लावायचंच असेल तर काय करावं?

बुरांशऐवजी अझेलियापासून सुरुवात करा. तोही ऱ्होडोडेंड्रॉनच, पण झुडूप लहान असल्याने कुंडी हलवता येते. मातीची, पसरट, भोकांची कुंडी घ्या. त्यात कोकोपीट, कुजलेल्या पानांचं खत आणि थोडी जाडसर वाळू भरा. वर सुक्या पानांचा थर द्या आणि माती उकरू नका, कारण मुळं वरच असतात. कुंडी पूर्वेच्या गॅलरीत ठेवा, म्हणजे नऊ-दहापर्यंतचं कोवळं ऊन मिळेल आणि दुपारी सावली.

अंड्याची टरफलं, राख आणि चुना यापासून लांब ठेवा, तिन्ही सामू वाढवतात. लिंबू पिळल्यानेही काम होत नाही. त्याचा परिणाम तात्पुरता असतो.

घरात कुत्रा, मांजर किंवा लहान मूल असेल तर आणखी एक गोष्ट लक्षात ठेवा. या झाडांची पानं विषारी असतात. आणि ट्रेकवरून रोप उपटून आणू नका. जंगलातून अशी रोपं काढणं हा वन कायद्याखाली गुन्हा ठरू शकतो.

एवढं करूनही पुण्यात अझेलिया दोन-तीन हंगाम टिकला, तरी ते मोठं यश समजायचं. बुरांशचं झाड मात्र डोंगरावरच बघावं. तसंही चोपत्यात बुरांश फुलायला लागतो, त्याच सुमारास पुण्यात पांगारा आणि काटेसावर लालेलाल होतात. त्यांना ही काळी माती चालते, हे ऊनही चालतं, आणि सकाळ-संध्याकाळ तांब्या घेऊन कुणी मागे लागावं लागत नाही.