नावातला राम

चैत्रातल्या रामनवमीला पंचवटीत काळारामाच्या दर्शनाची रीघ लागते. त्या गर्दीत कोणी रामचंद्राला हाक मारतो, कोणी रघुनाथाला, कोणी सीतारामाला. बारशाच्या दिवशी बाळाच्या कानात देवाचे नाव सांगण्यामागे आपल्या पूर्वजांचा हेतू सरळ होता: लेकराला हाक मारता मारता देवाचे नामस्मरण घडावे. भागवतातील अजामिळाने अंतकाळी ‘नारायण’ म्हणून हाक मारली ती पुत्राला; पोहोचली मात्र देवापर्यंत.

ही भावना केवळ आपलीच नव्हे. आपला देवदत्त, ग्रीकांचा थिओडोर आणि यहुद्यांचा योनातान या तिन्ही नावांच्या मुळाशी अर्थ एकच, देवाचे देणे. थायलंडचे राजे तर ‘राम’ हेच बिरुद धारण करतात.

परंतु नाव ठेवणे सोपे, नावाला जागणे कठीण. २ मार्च १९३० रोजी याच मंदिराच्या प्रवेशासाठी डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह सुरू झाला, तेव्हा दारे बंदच राहिली. बाबासाहेबांचे नाव भीमराव रामजी आंबेडकर. पित्याच्या नावात राम होता. रामाच्या दारी पुत्राला मज्जाव होता. ही खंत नाशिककरांनी विसरू नये.

ज्याच्या ठायी योगी रमतात तो राम, अशी या नामाची व्युत्पत्ती सांगतात. आज ते द्वार सर्वांना खुले आहे. यंदा घरात राम पाळण्यात घालताना आपण मनाचे दारही तसेच उघडे ठेवू या. मगच ते नाव सार्थ होईल.