सी. व्ही. (कॉन्स्टंट व्हेलॉसिटी) जॉइंट : थोडक्यात

- काम : चाक वळले, उसळले तरी गिअरबॉक्सची ताकद एकसमान गतीने चाकापर्यंत नेणे.
- जागा : 1983 मध्ये आलेल्या मारुती 800 ला इंजिनाची ताकद पुढच्या चाकांना मिळते. प्रत्येक ड्राइव्ह शाफ्टला दोन जॉइंट : चाकाकडे बाहेरचा, गिअरबॉक्सकडे आतला.
- फरक : अँबेसेडरची ताकद मागच्या चाकांना, तिच्या प्रोपेलर शाफ्टला क्रॉसचा युनिव्हर्सल जॉइंट.
- लक्षणे : वळताना कटकट – बाहेरचा झिजला. वेग घेताना थरथर – बहुधा आतला.
- कारण : जॉइंटवरचा रबरी बूट फाटतो, ग्रीस बाहेर पडते, धूळ-पाणी शिरते.
- बदलताना : बूट, क्लिपा, हब नट नवे, ग्रीस सी. व्ही. जॉइंटचेच. नट टॉर्क रेंचने कंपनीच्या मापाप्रमाणे आवळावा.
- बचत : फाटलेला बूट वेळीच बदलल्यास जॉइंट वाचतो.