माहेरवाशीण: शब्द, गोत्र आणि सातबारा

वैशाखात आखाजी जवळ आली की सटाणा परिसरातील घराघरांतून लेकींची वाट पाहिली जाते. अक्षय्य तृतीयेच्या या सणाला खानदेशात, तसेच भाषेने आणि रीतिरिवाजाने खानदेशाशी जोडलेल्या बागलाणात, दिवाळीच्या बरोबरीचे स्थान आहे. गौराई बसते, झाडांना झोके बांधले जातात, सांजोऱ्या आणि आमरसाचा बेत होतो आणि सासरी नांदणाऱ्या मुली चार दिवस मोकळा श्वास घेतात. परंतु आखाजी हा हिशेबाचाही दिवस आहे. सालदाराचे साल या दिवशी भरते व नवे साल याच दिवशी ठरते. लेकीचा सण आणि हिशेबाचा दिवस एकच असावा हा योगायोग असेल. परंतु लेकीचा हिशेब मात्र या दिवशी कोणी मांडत नाही. तो मांडावयाचा झाल्यास आरंभ तिच्या नावापासूनच, म्हणजे ‘माहेरवाशीण’ या शब्दापासून करावा लागेल.

‘माहेर’ हे मातृगृहाचे आणि ‘सासर’ हे श्वशुरगृहाचे मराठी रूप होय. ‘वाशीण’ म्हणजे वासिनी, राहणारी. तेव्हा शब्दाच्या घडणीप्रमाणे माहेरवाशीण म्हणजे माहेरी राहणारी स्त्री. प्रत्यक्षात मात्र जी माहेरी नेहमी राहते त्या अविवाहित मुलीला कोणी माहेरवाशीण म्हणत नाही. जी तेथे राहत नाही, जी पाहुणी म्हणून येते आणि मुदत संपताच परत जाते, तिलाच हा शब्द लागतो. राहणारीचे नाव न राहणारीला मिळावे, ही विसंगती भाषेच्या लहरीतून आलेली नाही. स्त्रीचे कुळातील स्थान आपल्या समाजाने कसे ठरविले, याची ती नोंद आहे.

‘कुळ’ या शब्दाभोवतीचा परिवार पाहिला की हे अधिक स्पष्ट होते. कुलदीपक हा मुलगा. कुलवधू ही बाहेरून आलेली सून. कुलस्त्री म्हणजे घरंदाज पत्नी. कुळात जन्मलेल्या मुलीसाठी मात्र बोलण्यात रुळलेला असा एकही शब्द ‘कुळा’पासून बनलेला नाही. ‘भाऊबंद’ या शब्दाने वाटणीचे सारे हक्कदार सुचतात, आणि त्याला स्त्रीलिंगी जोड नाही. भाऊबंदकी असते, बहीणबंदकी नसते. बहिणी भांडत नाहीत असा याचा अर्थ नव्हे. भांडण्याजोगा हिस्सा त्यांच्याकडे कधी आलाच नाही, एवढाच याचा अर्थ. ‘लेक’ हा शब्द तेवढा निःपक्षपाती आहे. तो मुलग्याला लागतो तसा मुलीलाही लागतो. परंतु तिला ‘परक्याचे धन’ म्हणणारी म्हण त्याच भाषेत त्याच्या शेजारीच नांदते.

निघून जाणारी

हा प्रश्न मराठीच्याही फार आधीचा आहे. वैदिक संस्कृतात ‘जामि’ असा एक शब्द येतो. त्याचा मूळ रोख रक्ताच्या नात्याकडे, विशेषतः बहिणीकडे आहे. ऋग्वेदाच्या तिसऱ्या मंडलातील एका ऋचेत औरस पुत्राने जामीसाठी वारसा सोडला नाही, अशा आशयाचा उल्लेख आहे. निरुक्तकार यास्काने या ऋचेच्या निमित्ताने दायभागाची चर्चा केली आणि कन्येलाही वारसा मिळतो असे मानणारा पक्ष तेथे नोंदविला. त्या पक्षाच्या विरोधातील मतही तो देतो. म्हणजे मुलीचा हिस्सा ही आधुनिक कायद्याने निर्माण केलेली कटकट आहे, या समजाला आधार नाही. निरुक्ताच्या काळी हा वाद जिवंत होता.

याहून बोलकी आहे ती यास्काने दिलेली ‘जामि’ची व्युत्पत्ती. एक पर्याय असा की, दुसरे लोक जिच्या ठायी अपत्य उत्पन्न करतात ती जामि. दुसरा असा की, हा शब्द गतिवाचक धातूपासून आला असावा, कारण ती बहुधा घराबाहेर निघून जाते. भाषाशास्त्राला या व्युत्पत्ती मान्य होवोत वा न होवोत, समाजशास्त्राच्या दृष्टीने त्या अमोल आहेत. कुळात जन्मलेल्या स्त्रीची व्याख्या तिच्या जन्माने न करता तिच्या जाण्याने करावी, ही दृष्टी तेव्हाच पक्की झाली होती. पुढे मनुस्मृतीत, जामी ज्या घरात दुःखी असतात ते कुळ नाश पावते, असा इशारा आला. तेथे जामि म्हणजे नेमके कोण, याविषयी टीकाकारांनी शब्दाची कक्षा वाढविली. बहिणींबरोबर पत्नी, मुली, सुना अशा घरातील स्त्रिया त्यात आल्या. रक्ताच्या नात्याचा शब्द अशा रीतीने छपराच्या नात्याचा झाला.

‘सुवासिनी’ या शब्दाचा प्रवासही याच दिशेचा आहे. अमरकोशात हा शब्द पित्याच्या घरी राहणाऱ्या स्त्रीचा वाचक म्हणून येतो. त्याचे ‘स्ववासिनी’ असेही रूप आढळते. तोच शब्द मराठीत ‘सवाष्ण’ झाला आणि जिचा पती हयात आहे ती, एवढाच त्याचा अर्थ उरला. पित्याच्या घराशी असलेले नाते पुसले जाऊन पतीच्या आयुष्याशी असलेले नाते त्या जागी आले. एका शब्दाच्या अर्थांतरात स्त्रीच्या मालकीचे हस्तांतरच जणू नोंदले गेले आहे.

गोत्रजा कोण?

या प्रश्नावर महाराष्ट्राने मात्र एक वेगळी वाट चोखाळली होती, आणि तिची आठवण आज फारशी कोणाला नाही. सतराव्या शतकात काशीस राहणारे, परंतु मूळ पैठणच्या भट्ट घराण्यातील नीलकंठभट्ट यांनी ‘व्यवहारमयूख’ हा ग्रंथ लिहिला. भावाच्या वारसांच्या क्रमात त्यांनी बहिणीला आजीच्या लगोलग स्थान दिले. त्यांचा युक्तिवाद शब्दावर आधारलेला होता. विवाहानंतर बहिणीचे गोत्र बदलते, म्हणून ती ‘सगोत्र’ राहत नाही हे खरे. परंतु भावाच्या गोत्रात ती जन्मली आहे, म्हणून ती ‘गोत्रजा’ आहेच. गोत्र बदलता येते, जन्म बदलता येत नाही, असा हा सरळ विचार होता.

ब्रिटिश अमदानीत मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी बहिणीचा हा वारसा मान्य केला. बंगाल आणि काशी संप्रदायांत ती वारस नव्हती. काशी संप्रदायात १९२९ च्या कायद्याने तिला वारसांच्या यादीत घेतले गेले. शिवाय मुंबईत लग्नाने गोत्रात आलेल्या विधवांनाही ‘गोत्रज’ वारसांत स्थान मिळाले. तथापि दोघींत एक भेद राखला गेला. कुळात जन्मलेली मुलगी वा बहीण वारशाने आलेल्या मिळकतीची पूर्ण मालक होई. लग्नाने आलेल्या स्त्रीला मात्र हयातीपुरताच मर्यादित हक्क मिळे. मागे पुत्र, पत्नी, कन्या, आईबाप कोणी नसले तरच बहिणीची पाळी येई, ही मर्यादा लक्षात घेऊनही तत्त्वाचे महत्त्व कमी होत नाही. येथील धर्मशास्त्राने माहेरवाशिणीला रक्ताची वारस म्हटले होते.

१९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याने स्त्रियांना पूर्ण मालकी दिली, परंतु एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत मुलीला जन्मसिद्ध सहदायाद केले नाही. त्याच कायद्याच्या कलम २३ मध्ये माहेरवाशिणीची जुनी व्याख्या जशीच्या तशी उतरली होती. वडिलांच्या राहत्या घरात निवासाचा हक्क मुलीला होता. पण ती अविवाहित, विधवा, पतीने टाकलेली वा पतीपासून विभक्त असेल तरच. सुखाने नांदणारी लेक त्या घरात कायद्यानेही पाहुणीच होती. महाराष्ट्राने १९९४ मध्ये मुलींना सहदायाद केले, परंतु कायदा अमलात येण्यापूर्वी विवाह झालेल्या मुलींना वगळले. २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीने हा भेद काढला आणि कलम २३ ही रद्द केले. पुढे वडील ९ सप्टेंबर २००५ रोजी हयात हवेत की नकोत, हा वाद उरला होता. सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा प्रकरणात तोही मिटविला. मुलीचा हक्क जन्मापासूनचा आहे, वडिलांच्या हयातीवर तो अवलंबून नाही, असा हा निर्णय आहे. नीलकंठभट्टांचा ‘जन्म’ अशा रीतीने कायद्यात परतला.

साडीचोळी आणि हक्कसोड

कायदा परतला तरी सातबारा मात्र जागचा फारसा हललेला नाही. वडील वारले की वारसनोंदीत बहिणींची नावे लागतात आणि त्यापाठोपाठ हक्कसोडपत्राची तयारी सुरू होते. बहिणी दुय्यम निबंधकापुढे येतात, सह्या किंवा अंगठे करतात, फेरफार होतो आणि नावे कमी होतात. या व्यवहारात बहुतेक वेळा जबरदस्ती दिसत नाही. बहीण आपणहून सही करते, आणि म्हणूनच तो समजून घेणे अधिक आवश्यक आहे.

अर्थशास्त्राच्या परिभाषेत हा एक प्रकारचा विमा होय. बहीण आपला हिस्सा सोडते, म्हणजे एकरकमी हप्ता भरते. त्याच्या मोबदल्यात माहेरचे दार उघडे राहील, आखाजी-दिवाळीला मुऱ्हाळी येईल, बाळंतपण होईल आणि सासरी विपरीत घडलेच तर भाऊ पाठीशी उभा राहील, अशी हमी ती विकत घेते. दक्षिण आशियातील स्त्रिया व जमीन यांचा अभ्यास करणाऱ्या अर्थतज्ज्ञ बीना अगरवाल यांनी १९९४ च्या आपल्या ग्रंथात या व्यवहाराचे सविस्तर विवेचन केले आहे. ज्या स्त्रीला दुसरा आधार नाही, तिने असा विमा घेणे अविचाराचे नाही.

परंतु या विम्याचे दोष गंभीर आहेत. हप्ता नोंदणीकृत असतो, हमी तोंडी असते. हप्ता परत मिळत नाही. हमी भावाच्या स्वभावावर, भावजयीच्या मर्जीवर आणि पुढे भाच्यांच्या सोयीवर अवलंबून राहते. शिवाय हप्त्याचे मोल वाढत गेले आहे. हरणबारी आणि केळझर धरणांचे पाणी, विहिरी, कांदा, डाळिंब आणि द्राक्ष यांमुळे बागलाणातील जमिनीची किंमत पूर्वीची राहिलेली नाही. कोरडवाहू चार बिघ्यांवरचा हक्क सोडणे आणि बागायती जमिनीवरचा हक्क सोडणे यांत मोठे अंतर आहे. साडीचोळी मात्र साडीचोळीच राहिली आहे.

याउलट स्वतःच्या नावावरील मालमत्ता काय करते, याचा पुरावा उपलब्ध आहे. प्रदीप पांडा आणि बीना अगरवाल यांनी केरळातील तिरुवनंतपुरम जिल्ह्यात केलेला अभ्यास २००५ मध्ये प्रसिद्ध झाला. जमीन व घर यांपैकी काहीच नावावर नसलेल्या विवाहित स्त्रियांत ४९ टक्के स्त्रियांनी पतीकडून दीर्घकाळ शारीरिक हिंसा झाल्याचे सांगितले. दोन्ही नावावर असलेल्यांत हे प्रमाण ७ टक्के होते. ज्या आपत्तीत भाऊ धावून येईल या आशेवर बहीण हिस्सा सोडते, त्या आपत्तीची शक्यताच तो हिस्सा कमी करू शकला असता. देशातील स्थिती मात्र अशी की, २०१५-१६ च्या कृषी गणनेनुसार वहिवाटीखालील एकूण शेतखात्यांपैकी स्त्रियांकडे असलेली खाती सुमारे १४ टक्केच होती.

तीन आक्षेप

भावांच्या बाजूने तीन आक्षेप घेतले जातात आणि त्यांची दखल न घेणे अन्यायाचे होईल. पहिला, लग्नात तिला दिले. परंतु हुंडा १९६१ पासून कायद्याने गुन्हा आहे, आणि जो दिला जातो तो मुलीच्या हाती न पडता सासरच्या हाती पडतो. एकाला दिलेल्या रकमेची वजावट दुसऱ्याच्या हक्कातून करता येत नाही. दुसरा, जमिनीचे तुकडे होतील. तुकड्यांची चिंता रास्त आहे. पण चार भावांची वाटणी होताना ती कोणी बोलून दाखवीत नाही. शिवाय हिस्सा म्हणजे बांध घालणेच नव्हे. नाव सामाईक ठेवून वहिवाट भावाकडे देता येते, उत्पन्नाचा वाटा ठरविता येतो, किंवा रास्त मोल देऊन हिस्सा घेता येतो. तिसरा आक्षेप सर्वांत वजनदार: म्हाताऱ्या आईबापांना मुलगाच सांभाळतो आणि शेतीचे कर्जही तोच फेडतो. वाटणीत कर्जाचाही विचार व्हावा, हे योग्यच आहे. सांभाळाबद्दल मात्र सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्ये, महाराष्ट्रातीलच एका प्रकरणात, आईवडिलांच्या निर्वाहाची जबाबदारी विवाहित मुलीवरही येते असे स्पष्ट केले. जबाबदारी रक्ताने येत असेल तर हक्क लग्नाने जाऊ नये.

सटाण्याला या विषयात एक वारसा आहे. शेतकरी संघटनेचे पहिले अधिवेशन जानेवारी १९८२ मध्ये येथेच भरले. त्याच संघटनेच्या महिला आघाडीचे अधिवेशन नोव्हेंबर १९८६ मध्ये शेजारच्या चांदवडला झाले आणि त्यातून पुढे शरद जोशी यांच्या प्रेरणेने ‘लक्ष्मीमुक्ती’ची मोहीम उभी राहिली. पतींनी स्वेच्छेने आपली जमीन पत्नीच्या नावे करावी, असे तिचे स्वरूप होते. लग्नाने आलेल्या स्त्रीचे ऋण त्या मोहिमेने मान्य केले, ही थोर गोष्ट होय. जन्माने आलेल्या स्त्रीचे ऋण मान्य करण्याचे काम बाकी आहे. एकाच सातबाऱ्यावर पत्नीचे नाव चढत असताना बहिणीचे नाव उतरत असेल, तर स्त्रीचा हक्क वाढला असे म्हणता येणार नाही. तो केवळ एका घरातून दुसऱ्या घरात गेला, इतकेच.

यासाठी नव्या कायद्याची गरज नाही. गरज आहे ती हक्कसोडीला घाई न करण्याची. पित्याच्या निधनानंतर दशक्रियेचा गंध ओसरण्याआधीच कागद पुढे करू नये. सही करणाऱ्या बहिणीला जमिनीचे क्षेत्र आणि बाजारातील मोल स्वच्छ सांगितले जावे. सही न करणाऱ्या बहिणीला माहेर तुटल्याची शिक्षा मिळू नये. यांपैकी शेवटची अट सर्वांत अवघड, कारण ती निबंधकाच्या कचेरीत पूर्ण होत नाही. ती ओसरीवर पूर्ण व्हावी लागते. शिक्षक, कारकून आणि महाविद्यालयीन विद्यार्थी यांना, म्हणजे घरातील कागद वाचून दाखविण्याचे काम ज्यांच्याकडे असते त्यांना, ती पूर्ण करणे शक्य आहे. ‘माहेरवाशीण’ हा शब्द त्याच्या घडणीप्रमाणे खरा करावयाचा की पाहुणीचे गोड नाव म्हणूनच चालू ठेवावयाचा, हे शब्दकोश ठरविणार नाहीत. ते ज्या त्या घरातील भाऊ ठरविणार आहेत.