सज्ञान मुलीची इच्छा आणि न्यायालय
(सोलापुरातील जाहीर व्याख्यानाचे शब्दांकन)



व्यक्तिस्वातंत्र्य हा शब्द सोलापूरकरांना नवा नाही. मे १९३० मध्ये या शहरात मार्शल लॉ लागला, तेव्हा साधी गांधी टोपी घालणंसुद्धा गुन्हा ठरलं होतं. सरकारने माणसाच्या डोक्यावरच्या टोपीपर्यंत हात घातला की स्वातंत्र्य म्हणजे काय ते कळतं, हे आपल्या आजोबा-पणजोबांनी अनुभवलं. आज मी जो प्रश्न घेतला आहे, तो त्याहून अवघड आहे. कारण इथे हात घालणारं सरकार नसतं. बहुधा घरचीच माणसं असतात, आणि ती प्रेमापोटी हात घालत असतात.

प्राध्यापक असतानाची गोष्ट सांगतो. एक गृहस्थ घरी आले. त्यांच्या मुलीला वेगळ्या धर्मातल्या मुलाशी लग्न करायचं होतं. म्हणाले, "सर, ती तुमचं ऐकते. तुम्ही सांगा." मी तिला बोलावलं आणि म्हटलं, "बाळ, वर्षभर थांब." ती म्हणाली, "थांबते सर. पण मी विचार करावा म्हणून थांबू, की त्यांनी परवानगी द्यावी म्हणून?" मला उत्तर देता आलं नाही. तत्त्वज्ञान शिकवणाऱ्या माणसाला एम.ए.च्या मुलीने निरुत्तर केलं. सल्ला देणं आणि परवानगी देणं यांतला फरक तिला माझ्याआधी कळला होता.

न्यायालयांनाही हा फरक कळायला वेळ लागला. रखमाबाईंचा खटला आठवा. बालपणी झालेलं लग्न. नवऱ्याकडे नांदायला जायला त्यांचा नकार. १८८५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयातल्या एका न्यायमूर्तींनी त्यांच्या बाजूने निकाल दिला. अपिलात तो फिरला. १८८७ मध्ये हुकूम झाला, नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. रखमाबाई म्हणाल्या, तुरुंगात जाईन. शेवटी पैशाने तडजोड झाली आणि त्या पुढे डॉक्टर झाल्या. हा आंतरधर्मीय विवाह नव्हता. पण न्यायालयासमोरचा प्रश्न तोच होता. बाईच्या मर्जीला कायद्यात किंमत आहे का?

आता अलीकडे या. केरळमधल्या २४ वर्षांच्या तरुणीने धर्म बदलला आणि मुसलमान तरुणाशी लग्न केलं. वडील 'हेबियस कॉर्पस' घेऊन न्यायालयात गेले. या अर्जाचा अर्थ एवढाच की, ज्याला कोंडून ठेवलं आहे त्या माणसाला न्यायालयापुढे हजर करा आणि कोणत्या अधिकाराने कोंडलं ते सांगा. म्हणजे हे सुटकेचं हत्यार. पण मे २०१७ मध्ये तिथल्या उच्च न्यायालयाने त्याच अर्जावर तिचं लग्न रद्द केलं आणि तिला वडिलांच्या ताब्यात दिलं! कोंडलेल्याला सोडवणारी किल्ली कुलूप लावायला वापरली गेली. मार्च २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. सज्ञान व्यक्तीने कोणाशी लग्न करावं, हा तिच्या कलम २१ खालच्या स्वातंत्र्याचा गाभा आहे, तिथे न्यायालयाने पालक होऊन बसू नये, असा त्या निकालाचा आशय.

आपल्या मुंबईतलं प्रकरण डिसेंबर २०२४ चं. हिंदू मुलगी, मुसलमान मुलगा. मुलगी सज्ञान, पण तिला चेंबूरच्या महिला आधारगृहात ठेवलेलं. मुलगा अजून २१ चा नव्हता, म्हणून कायद्याने लग्न शक्य नव्हतं. उच्च न्यायालयाच्या दोन महिला न्यायमूर्तींनी मुलीशी स्वतः बोलून घेतलं. आई-वडिलांकडे जाण्याबद्दल तिला समजावलंही. ती नको म्हणाली, तेव्हा तिला तिच्या मर्जीप्रमाणे जाऊ दिलं. पाहा, न्यायालयाने सल्ला दिला. पण सल्ला मानला नाही म्हणून कोंडून ठेवलं नाही. माझ्या विद्यार्थिनीच्या प्रश्नाचं उत्तर मला इतक्या वर्षांनी इथे सापडलं.

मग सगळं सुरळीत आहे का? नाही. १८७२ च्या कायद्यात वेगवेगळ्या धर्मांच्या दोघांना लग्नासाठी आपण आपला धर्म मानत नाही असं जाहीर करावं लागे. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याने ती अट काढली. पण नोटीस राहिली. दोघांपैकी एकाचा त्या जिल्ह्यात ३० दिवस मुक्काम हवा, अर्ज दिला की नोटीस कचेरीत लागते, आणि पुढचे ३० दिवस कोणीही हरकत घेऊ शकतो. हरकत घेता येते ती मोजक्या मुद्द्यांवर : पहिला जोडीदार हयात आहे, वय कमी आहे, संमती देण्याची मानसिक क्षमता नाही, निषिद्ध नात्यातलं लग्न आहे. धर्म वेगळा आहे ही हरकतच नव्हे. पण घरातून लपून आलेल्या मुलीला त्या फळ्यावरच्या कागदाची भीती वाटते ती कायदेशीर हरकतीमुळे नाही. तो कागद कोण वाचेल, यामुळे.

डिसेंबर २०२२ मध्ये आपल्या राज्य सरकारने आंतरधर्मीय विवाहांसाठी समन्वय समिती नेमली. सुरुवातीला आंतरजातीय विवाहही त्यात होते, दोन दिवसांत ते वगळले. हेतू सांगितला गेला तो माहेराशी तुटलेल्या मुलींना आधार देण्याचा. हेतू चांगला आहे. पण तिने मागितल्यावर मिळतो तो आधार. न मागता ठेवतात ती नोंद. आणि एकाच प्रकारच्या लग्नांची नोंद का, हा प्रश्न उरतोच.

आई-वडिलांची भीती खोटी असते असं मी म्हणणार नाही. मुली फसतात. स्वधर्मात, स्वजातीत, पत्रिका जुळवूनही फसतात. फसवणूक, मारहाण, जबरदस्ती यांसाठी कायदा आहे, तो जरूर वापरावा. पण 'ती चुकू शकते' म्हणून तिचा निर्णय काढून घ्यायचा असेल, तर आपल्यापैकी कोणाचा निर्णय शिल्लक राहील?

पालकांना एवढंच सांगतो : दार बंद करू नका. लग्न चुकलं तर परत यायला तिला घर हवं असतं. न्यायालय तिला स्वातंत्र्य देईल, माहेर देऊ शकणार नाही. ते तुमच्याच हातात आहे.